कासव बाहेर का झोपलं?

बुधाजीमामांनी माझं स्वागत केलं ते माझे खिसे हुंगून. मॅट्रिक होऊन अकोल्याच्या एका सरकारी कचेरीत चिकटलो आणि ट्रंक घेऊन त्यांच्या दारात उभा राहिलो. ये, बस, पाणी घे, असं काही नाही. मामा उठले, माझ्या सदऱ्याच्या खिशाला नाक लावलं आणि म्हणाले, "काय रे चंद्रभान, बिडी ओढतं?"

"नाही मामा."

"मंग हा वास कायचा?"

"एस.टी.त शेजारचा माणूस ओढत होता."

"अस्सं," मामा म्हणाले. त्यांच्या तोंडचं 'अस्सं' म्हणजे 'तू खोटं बोलतोस, पण सध्या सोडून देतो' असं असायचं. हे मला पुढे कळलं.

मामा एका जिनिंग फॅक्टरीच्या गेटावर चौकीदार होते. हंगामात आत कापसाचे डोंगर पडलेले असत. कोणाच्या खिशात एक पेटती बिडी राहिली तर अख्खा जिन राख होणार. म्हणून आत जाणाऱ्या प्रत्येकाची झडती घ्यायची, काडेपेटी काढून ठेवायची, तोंडाचा वास घ्यायचा. हे काम मामांना मानवलं होतं. इतकं मानवलं होतं की सुटी झाली तरी झडती थांबत नसे. ती त्यांच्याबरोबर घरी यायची आणि जेवायला बसायची. दूधवाल्याला आधी स्वतःच्या दुधाचा घोट घ्यायला लावत. रेडिओवाला उद्या थंडी पडेल म्हणाला तर विचारत, "ह्याले कोनं सांगतलं?" एकदा आम्ही सगळे फोटो काढायला गेलो. फोटोवाला काळ्या फडक्याखाली शिरला, तसे मामा उठले, त्याला बाजूला केलं आणि तो आत काय करतो ते स्वतः डोकं घालून पाहून आले. घरातल्या त्या एकुलत्या एक फोटोत मामांचे केस उभे आहेत ते त्यामुळे.

झोपतानाही दाराकडे तोंड. कूस म्हणून बदलायची नाही. मनकर्णामामी म्हणायची, "लगन झालं तवापासून मी या मानसाची पाठच पाहून राहिली."

मामांची एकच मुलगी होती, सत्यवती. नागपूरला जाऊन दीक्षा घेतली त्या वर्षी मामांनी तिचं नाव मुलींच्या मोठ्या शाळेत घातलं होतं. मी राहायला गेलो तेव्हा ती नववीत होती. उंच, काटक, बापासारखी भुवई वर करून बघणारी, पण बापासारखी संशयी नाही. तिचा सगळ्या जगावर विश्वास. कोणी म्हटलं की चिखलदऱ्याला ढग दारातून घरात येतात, की ही लगेच "हो का?" म्हणून डोळे मोठे करणार. मामांच्या घरात हे मूल कसं निपजलं याचं मला नेहमी नवल वाटायचं.

१९६१ सालच्या हिवाळ्यात तिच्या शाळेतल्या गाईडच्या मुलींचं शिबिर निघालं. नाताळच्या सुट्टीत चिखलदऱ्याला तंबू ठोकून राहायचं. गाईडच्या माणिकबाईंनी सत्यवतीला एका तुकडीची नायिका केलं होतं. माणिकबाई भातकुलीकडच्या, फुलमळेवाल्यांच्या घरातल्या. बोलायला मऊ, पण एकदा मनात घेतलं की सोडायच्या नाहीत. त्यांनी सगळ्या पालकांची संमती मागितली. संमती नाही तर शिबिर नाही, आणि शिबिर नाही तर नायिकाही नाही.

"सत्ते, नायिका म्हंजे काय असते वं?" मामांनी विचारलं.

"तुकडीची पुढारी. थे सांगते तसं बाकीच्या पोरी करते."

"आन तुलेच काहून केलं? वर्गात दुसऱ्या पोरी नोत्या?"

"मले गाठी चांगल्या येतात म्हणून."

"अस्सं," मामा म्हणाले.

मामी मध्ये पडली. "अवो, पोरगी हुशार हाये म्हणून केलं असन."

"थेच तं म्हणून राहिलो मी. आठवडाभर खायाले घालते, डोंगर दाखोते, पुढारी करते, आन बदल्यात काई मांगत नाई. असं कोनी करते का? कुठीतरी पाणी मुरून राहिलं."

असे पालक काही मामा एकटेच नव्हते. पोरी मेळघाटच्या जंगलात पाठवायच्या, तिथे अस्वलं, थंडी, तंबूत झोपायचं, म्हणून निम्म्या घरांतून नकार आले. मग माणिकबाईंनी एक युक्ती काढली. अमरावतीहून त्यांनी पडद्यावर चित्र दाखवायचं यंत्र आणवलं आणि एक जुनं कार्टून. परदेशातलं, खूप वर्षांपूर्वीचं, पण जिथे दाखवलं तिथे लोक पोट धरून हसले अशी त्याची ख्याती. डोंगरावर तंबू ठोकून राहायला गेलेल्या दोघांची गोष्ट. पालकांनी ते बघावं, हसावं, भीती जावी, असा बाईंचा बेत. दिवेलागणीला शाळेच्या हॉलात पांढरी चादर ताणली आणि आम्ही सगळे सतरंजीवर बसलो. मामा दारापाशी बसले, यंत्राकडे तोंड करून. पडद्यावर काय येतं यापेक्षा यंत्रातून काय निघतं याची त्यांना जास्त काळजी होती. चित्र सुरू झालं तेव्हा मीच त्यांना वळवून बसवलं.

चित्रात एक बोकड होता, डोळ्यावर काळा चष्मा, हातात काठी, आणि एक कासव. दोघं डोंगरावर निघतात. तंबू, भांडी, गादी, खुर्ची, सगळं कासवाच्या पाठीवर. बोकड पुढे शीळ घालत चाललेला, कासव मागून घाम पुसत. वर पोचल्यावर कासव खुंट्या ठोकतं, एक ठोकली की दुसरी टणकन उडते आणि त्याच्याच डोक्यात बसते. हॉल नुसता खदखदत होता. मग अस्वल येऊन जेवण पळवतं, बोकड झाडावर चढतो, कासव आपलं अंग कवचात ओढून गप्प बसतं. पाऊस लागतो. बोकड तंबूत जाऊन गादीवर आडवा होतो आणि कासव बाहेर खुंटीपाशी हातपाय आत घेऊन झोपतं. शेवटी वाऱ्याने तंबू उडून जातो आणि तो भलामोठा बोकड कासवाच्या एवढ्याशा कवचात शिरायची धडपड करतो. त्याचं ढुंगण काही आत मावत नाही. तिथे तर मनकर्णामामीच्या डोळ्यांतून पाणी आलं हसून हसून.

दिवे लागले. बाई हसत पुढे आल्या आणि म्हणाल्या, "कोणाला काही विचारायचं आहे?"

मामा उभे राहिले.

"बाई, थे कासव भायेर काहून झोपलं?"

सगळा हॉल हसला. बाईही हसल्या, पण वाईट नाही. म्हणाल्या, "अहो काका, कासवाचं घर त्याच्या पाठीवरच असतं ना. त्याला तंबू कशाला?"

"असं त्यानं सांगतलं, का बकऱ्यानं ठरोलं?"

आता तर लोक लोळायचेच बाकी राहिले. पुढे मुलींच्या रांगेत सत्यवती बसली होती. तिने मान खाली घातली ती वर केलीच नाही. मामा मात्र हसत नव्हते, रागावलेही नव्हते. उत्तर मिळेपर्यंत उभं राहायचं अशा तयारीने उभे होते. मी त्यांच्या सदऱ्याचं टोक ओढून त्यांना खाली बसवलं. मला त्यांचा भयंकर राग आला होता. कार्टून ते, त्यात कसला पंचनामा करायचा!

घरी गेल्यावर सत्यवतीने ताट पुढे सरकवलं आणि भिंतीकडे तोंड करून बसली. दुसऱ्या दिवशीही बोलेना. बोलेना म्हणजे बापाशी. माझ्याशी बोलायची. म्हणाली, "दादा, पुऱ्या शाळेत मले कासव म्हणून राहिले. आन जाऊ देल्लं नाई तं मी काय तोंड दाखवू?" तिच्या डोळ्यांत पाणी होतं. मी मामांना समजवायला गेलो. माझं मॅट्रिक, माझी नोकरी, सगळं पणाला लावून बोललो. मामांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तुले काय माहीत तंबू काय असते."

एवढंच. जणू यांना माहीत होतं!

संध्याकाळी सत्यवती दाराच्या चौकटीला सुतळी बांधून गाठी मारत बसली होती. रागातही तिचा सराव सुटला नव्हता. मामा कामावरून आले आणि दारातच थबकले. त्यांनी ती गाठ हातात घेतली. ओढली, सैल केली, पुन्हा ओढली. ती गाठ अशी होती की न सोडताही दोर घट्ट करता येई आणि ढिलाही करता येई.

"हे कोनं शिकोली?"

"माणिकबाईनं," सत्यवती भिंतीला म्हणाली.

मामा बराच वेळ ती सुतळी बोटांत धरून उभे राहिले. मग चपला न काढताच परत बाहेर निघाले, आणि जाता जाता म्हणाले, "जाय तू चिखलदऱ्याले."

सत्यवतीने मामीला मिठी मारली. मामीने मामांच्या पाठीकडे बघून कानशिलावर बोटं मोडली. माझ्या मनात मात्र शंकेची पाल चुकचुकली. जो माणूस दूधवाल्यालाही सहज हो म्हणत नाही तो एवढ्यात कसा वळला? काही तरी काळंबेरं होतं. मामांच्या घरात राहून मलाही हा रोग लागला होता.

सत्यवती गेली. आणि तीन-चार दिवसांनी मामा भर दुपारी माझ्या कचेरीच्या फाटकाशी येऊन उभे राहिले.

"रजा टाक. उद्या पहाटेच्या गाडीनं चिखलदऱ्याले जाचं हाये."

"आणि गेटावर?"

"नत्थुजीले बसोलं."

हे ऐकून मी हातातला कागद खाली ठेवला. हंगाम ऐन भरात होता. रात्रंदिवस बैलगाड्या लागत होत्या. मामांनी हंगामात कधी सुट्टी घेतल्याचं कोणाला आठवत नव्हतं, आणि नत्थुजी म्हणजे तर तो माणूस, ज्याच्या पगडीत काडेपेटी असते असा मामांचा वर्षानुवर्षांचा वहीम. त्याच्या हाती गेट सोपवून निघायचं म्हणजे गोष्ट साधी नव्हती.

पहाटे निघालो. अमरावतीला गाडी बदलली आणि परतवाड्याला येऊन पोचलो. घाटाची गाडी यायला वेळ होता. बाजारात गर्दी होती, एका टपरीवर चहा घेऊन आम्ही लाकडी बाकावर बसलो. वाटेत मामांनी कंडक्टरवरही संशय घेतला नव्हता, त्यावरून काय ते समजा. मी शेवटी विचारलंच, "मामा, जाऊ द्यायचं नव्हतं तर हो कशाला म्हटलं?"

मामांनी बशीतला चहा फुंकला. मग बोलायला लागले, ते बशीकडे बघूनच.

"तुले माहीत नाई. तुह्या मायलेबी आठोत नसन, थे लहान होती. बार्शीटाकळीकडच्या आपल्या गावात आमराई होती. दरसाल हिवाळ्यात थ्या आमराईत साहेबाचे डेरे पडत. डेरे कोन ठोके? आपून. गाडीतून उतरवाचे, खुट्या ठोकाच्या, दोर ताणाचे. साहेबाले सरपन, घोड्याले चारा. मजुरी नाई. महारकी म्हणत त्याले. आन डेरा उभा झाला का आपून भायेर. आत पाय टाकाचा नाई, डेरा बाटते. आतला बिछाना घालाले दुसरा मानूस."

"हे तुम्ही कधी सांगितलं नाही."

"सांगाची गोठ हाये का?" मामा म्हणाले. "रातच्याले दहिवर पडलं का दोर आवळते. लय आवळला का खुटी उपटते. म्हणून एक मानूस खुटीपाशी झोपवत. दोर आवळला का सैल कराचा, दिवस निघाला का परत ताणाचा. मी आन माहा बाप, आळीपाळीनं. थेच गाठ होती, सत्तेनं दाराले बांधली न, थेच."

टपरीवाला दुसऱ्या गिऱ्हाइकाशी हुज्जत घालत होता.

"एका सालच्या हिवाळ्यात पानी आलं. बापाच्या अंगात ताप. म्या शिपायाले म्हणलं, म्हाताऱ्याले कडंले बसू द्या, आत नाई, नुस्तं कडंले, कापडाखाली. थो हासला. म्हणला, तुमाले काय पानी लागते? तुमची कातडी जाड असते." मामांनी बशी खाली ठेवली. "थ्या दिवशी बाई काय म्हणल्या? कासवाचं घर पाठीवर असते, त्याले तंबू कायले. शिपायानं हेच म्हणलं होतं, चंद्रभान. हेच, हासूनच. बाप रातभर भिजला. डेरे उठले आन दुसऱ्या आठवड्यात थो गेला."

माझ्या हातातला चहा थंड झाला. हॉलात त्यांच्या सदऱ्याचं टोक ओढून त्यांना बसवणारा मीच होतो. मला संताप आला, पण तो कोणावर काढावा कळेना. तो शिपाई मेला असेल, साहेब आपल्या देशी गेला असेल.

"नाई म्हणलं असतं तं पोरगी जिंदगीभर म्हणली असती, बापानं जाऊ देल्लं नाई," मामा म्हणाले. "म्हणून जाय म्हणलं. पन पाहाचं आपल्या डोयानं. तिच्या डोक्यावर पानी आन सरपन देल्लं असन, तिले भायेर झोपवत असन, तं हाताले धरून घेऊन याचं. शिबिर गेलं खड्ड्यात आन शाळाबी."

घाटाची गाडी आली.

चिखलदऱ्याला पोचलो तेव्हा दुपार कलली होती. थंडी चांगलीच बोचत होती. मैदानाच्या कडेला पांढरे तंबू एका ओळीत दिसले. मी सरळ पुढे निघालो तर मामांनी दंड धरून मला एका झाडामागे ओढलं.

"आंदी पाहू. आपून गेलो का सगळे नीट वागतीन."

हेही खरंच होतं. आम्ही दोघं झाडामागून बघत बसलो. मुली इकडून तिकडे पळत होत्या, कोणी कांदे चिरत होतं, कोणी गाणं म्हणत होतं. सत्यवती कुठेच नव्हती. आणि मग खालच्या उतारावरून ती वर येताना दिसली. दोन हातांत दोन भरलेल्या बादल्या. एकटी. ओझ्याने खांदे खाली आलेले, परकर भिजलेला.

मामांची बोटं माझ्या दंडात रुतली. "पाह्य," ते म्हणाले. "पाह्य. म्या काय म्हणलं होतं?"

मामांना वेडं ठरवलं होतं सगळ्यांनी, मीही, आणि हे समोर धडधडीत. मामा झाडामागून निघणार तोच आमच्या कानामागे जोरात शिटी वाजली.

वळून पाहतो तर एवढीशी एक मुलगी, दोन वेण्या, हातात आपल्यापेक्षा उंच काठी. "कोण तुम्ही? मुलींच्या कॅम्पमध्ये लपून काय बघताय?" आणि बघता बघता चारी बाजूंनी काठ्या घेऊन मुली धावल्या. आम्हाला कडं केलं. "पळू देऊ नका गं!" एक ओरडली. दुसरी मामांकडे बोट दाखवून म्हणाली, "त्यांच्या खिशात काहीतरी आहे. काका, खिसा दाखवा!"

आयुष्यभर लोकांचे खिसे हुंगणाऱ्या बुधाजीमामांची झडती झाली. मामांनी मुकाट्याने खिशातून कागदाची पुडी काढून पुढे केली. शेंगदाण्याचे लाडू होते. मामीने रात्री केले असणार. मला त्यांचा पत्ता नव्हता.

तेवढ्यात सत्यवती बादल्या घेऊन येऊन पोचली. "बाबा?" ती म्हणाली. मग मुलींकडे वळून, "अगं, हे माझे बाबा आहेत!" मागून माणिकबाई धापा टाकत आल्या. त्या नमस्कार करत होत्या, पण मामांनी तिकडे पाहिलंच नाही.

"सत्ते, पानी तूच काहून भरून राहिली?"

"आज आमच्या तुकडीची पाळी हाये बाबा. काल गुलाब तुकडीच्या पोरीयची होती."

"मंग बाकीच्या कुठी हायेत?"

"मांगं येऊन राहिल्या न. मी भरभर चालते." तिने उताराकडे मान केली. खरंच तिथून आणखी तिघी बादल्या घेऊन येत होत्या, थांबत, हसत, अर्धं पाणी वाटेवर सांडत.

मामांनी ते पाहिलं. पण मामा ते, एवढ्याने कसले ऐकतात. त्यांनी बादलीकडे बोट केलं आणि हळू आवाजात विचारलं, "हे पानी कोन पेते?"

सत्यवतीला प्रश्न कळला नाही. माणिकबाईंना कळला. त्यांचा चेहरा बदलला आणि त्या काही तरी बोलणार, एवढ्यात ती शिटीवाली वेणीवाली पुढे झाली. धावून धावून तिला तहान लागली होती. तिने सत्यवतीच्या बादलीत पेला बुडवला, उभ्या उभ्या घटाघटा प्याली, तोंड बाहीला पुसलं, पुन्हा पेला बुडवला आणि मामांपुढे धरला. "घ्या काका. लांबून आलात, तहान लागली असेल."

ती कोणाची मुलगी हे मला ठाऊक होतं. आमच्या कचेरीतल्या हेडक्लार्कची. त्यांच्या घरी एकदा मी कागद पोचवायला गेलो होतो तेव्हा मला पाणी अंगणात मिळालं होतं, ओंजळीत, वरून ओतून.

मामांनी पेला घेतला. प्यायले नाहीत, नुसते धरून उभे राहिले. ती मुलगी लाडू घेऊन केव्हाच पळाली होती. मग मामांनी सगळं पाणी एका दमात पिऊन टाकलं.

"झोपते कुठी तू?" त्यांनी सत्यवतीला विचारलं. आवाज जरा खाली आला होता, पण झडती चालूच होती.

"तंबूत. दाखवू?"

माणिकबाई चाचरल्या. "काका, तो मुलींचा तंबू..." आणि मामांची भुवई पुन्हा वर गेली. मी मनात म्हटलं, गेलं सगळं. पण बाईंनी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "मुली बाहेरच आहेत सगळ्या. जा तुम्ही. सत्यवती, आत ने बाबांना."

तो तंबू ओळीतला शेवटचा. इतर तंबूंच्या दाराशी गुलाब, मोगरा, जाई अशा फुलांची चित्रं रंगवून लावली होती. सत्यवतीच्या दाराशी काही नव्हतं. मामा दारापाशी आले आणि थांबले. सवयीने त्यांचा हात आधी दोराकडे गेला. त्यांनी गाठ चाचपली. मग चपला काढल्या. मग पुन्हा तसेच उभे.

"या न बाबा."

"पाहतो इथूनच," मामा म्हणाले.

सत्यवती त्यांना ओळखत होती म्हणावं की नव्हती म्हणावं, मला अजून ठरवता येत नाही. तिला आमराई माहीत नव्हती, डेरे माहीत नव्हते. तिने फक्त त्यांचा हात धरला. "वाका बाबा, नाई तं डोकं लागते." आणि त्यांना आत घेतलं. मी दारातून बघत होतो.

आत सतरंजीवर मुलींच्या वळकट्या ओळीने लावलेल्या होत्या. दारासमोरच्या कापडाला टाचणीने एक कागद लावला होता. त्यावर कासव होतं, रंगीत खडूने काढलेलं, कवचावर हिरव्या रेघा, तोंडावर हसू.

"आमच्या तुकडीचं नाव कासव," सत्यवती म्हणाली. "मीच ठेवलं. पोरी चिडवत होत्या न, म्हणून आंदी राग आला तुमचा. मंग इथी आली, पहिल्या दिवशी आमीच खुट्या ठोकल्या, आन मले तुमचा प्रश्न आठोला. बाईले म्हणलं, बाबाचं बरोबर हाये, खुट्या ठोकल्या कासवानं, मंग थे भायेर काहून? बाईनं लय वेळ इचार केला आन म्हणल्या, माझं चुकलं. सगळ्या पोरीयनं चित्र दारावर लावलं. मी आत लावलं. आमचं कासव आत झोपते."

मामा तंबूच्या मधोमध बसले. वर पाहिलं, चहूकडे पाहिलं. उतरतं ऊन पांढऱ्या कापडातून आत येत होतं आणि सगळं पिवळं दिसत होतं, वळकट्या, सत्यवतीचं तोंड, मामांचे हात.

"आतून असा उजेड असते?" मामा म्हणाले. "म्या किती डेरे ठोकले असतीन. मले माहीतच नोतं."

त्यांनी हात लावून कापड पाहिलं. मग सत्यवतीकडे न बघता म्हणाले, "माह्या बापाले दाखवाले पाहिजे होतं," आणि त्यांचे डोळे भरून आले. मामा रडताना मी पाहिले ते तेव्हाच. सत्यवती घाबरून माझ्याकडे बघायला लागली. मी मान हलवली, काही नाही, राहू दे.

थोड्या वेळाने तिला बाहेरून हाक आली आणि ती गेली. मी दाराशी बसून राहिलो. आत बराच वेळ काही हालचाल नाही म्हणून डोकावून पाहिलं, तर मामा आडवे झाले होते. डोक्याखाली सत्यवतीची वळकटी, समोर ते कासव, आणि दाराकडे पाठ. सताड उघड्या दाराकडे पाठ करून, तोंड किंचित उघडं ठेवून, ते भरदिवसा झोपले होते. दारातून कोण येतं, कोण जातं, त्यांना पत्ता नव्हता.

माणिकबाई चहा घेऊन आल्या. आत बघून हळूच म्हणाल्या, "बरं वाटत नाही का त्यांना?"

"बरे आहेत, बाई," मी म्हटलं. "झोप लागलीय."